आधी कामाबद्दल विचारा

प्रश्न असा आला आहे: आमच्या भागातले जुने कारखाने बंद होऊन बरीच वर्षं झाली. तिथे काम केलेली माणसं आता सत्तरीपुढची आहेत, दरवर्षी त्यांतली दोन-चार कमी होतात. त्यांचा इतिहास जपावा आणि पुढे शाळेतल्या मुलांना शिकवावा असं आम्हा चौघांच्या मनात आहे. आमच्यातलं कोणीच इतिहास शिकलेलं नाही. सुरुवात कुठून करायची, काय विचारायचं, काय जपायचं? आणि असल्या आठवणींना इतिहास म्हणता येतं का?

शेवटचा प्रश्न आधी घेतो, कारण ती शंका मनात राहिली तर हात चालत नाही. हो, हा इतिहासच आहे, आणि त्यातला मोठा वाटा पदवी नसलेल्या माणसांनी उभा केला आहे. इंग्लंडमधला कामगारवर्ग कसा घडला यावरचा ई. पी. थॉम्पसन यांचा ग्रंथ १९६३ साली आला. त्या वेळी ते लीड्स विद्यापीठाच्या बहिःशाल विभागात, म्हणजे विद्यापीठाबाहेरच्या लोकांना शिकवणाऱ्या विभागात, प्रौढांचे संध्याकाळचे वर्ग घेत होते. दिवसभर काम करून आलेल्या माणसांशी बोलत होते. ऑक्सफर्डच्या रस्किन कॉलेजात रॅफेल सॅम्युअल यांच्या पुढाकाराने १९६७ पासून 'हिस्टरी वर्कशॉप' भरू लागलं. तिथले विद्यार्थी कामगार आणि युनियनचे कार्यकर्ते होते, आणि ते स्वतःच्याच धंद्यांचा इतिहास शोधून मांडत. स्वीडनमध्ये स्वेन लिंडक्विस्ट यांनी १९७८ साली कामगारांसाठी एक पुस्तक लिहिलं, त्याच्या नावाचा अर्थ 'जिथे उभा आहेस तिथे खण' असा. सिमेंट उद्योगाचं उदाहरण घेऊन त्यांनी दाखवलं की आपल्या कामाच्या जागेचा इतिहास शोधायला कामगार स्वतःच लायक असतो, कारण काम तोच जाणतो. तेव्हा पदवीची काळजी सोडा. शिस्तीची मात्र करा, आणि पुढे मी मुख्यतः त्याबद्दलच लिहिणार आहे.

मी हे काम सव्वीस वर्षं करतो आहे. पहिल्या दोन वर्षांत जे गोळा केलं त्यातलं फार थोडं आज उपयोगी पडतं. मी जाऊन बसायचो आणि म्हणायचो, 'तुमच्या आयुष्याबद्दल सांगा, संघर्षाबद्दल सांगा.' समोरचा माणूस सावरून बसायचा आणि भाषण करायचा. फार कष्ट केले, हाल सोसले, मुलांना शिकवलं, आता बरं चाललंय. प्रत्येकाचं तेच. चाळीस टेप झाल्यावर लक्षात आलं की ही चाळीस माणसं माझ्या नोंदींत एकमेकांसारखी दिसतात. प्रत्यक्षात ती तशी मुळीच नव्हती. 'संघर्ष' हा माझा शब्द होता. मी जे मागितलं ते त्यांनी भिडेखातर दिलं.

ते बदललं एका निवृत्त टर्नरमुळे. तीस वर्षं लेथवर, म्हणजे धातू कातायच्या यंत्रावर, काढलेला माणूस, बोलायला अजिबात तयार नव्हता. मी उठलो, चपला घालता घालता सहज विचारलं, 'मशीनवरचा जॉब बिघडतोय हे तुम्हाला कळायचं कसं?' ते पुन्हा खाली बसले. उजवा हात हवेत एका न दिसणाऱ्या चाकावर ठेवला आणि अगदी सावकाश फिरवायला लागले. म्हणाले, चिप, म्हणजे कातताना निघणारी धातूची साल, कशी सुटते ते बघायचं. हायस्पीड पोलादाचं टूल असेल तर पांढरी सुटतेय तोवर ठीक, पिवळसर झाली की लक्ष ठेवायचं, निळी पडली की टूल जळणार, वेग उतरवायचा. मग डोकं किंचित कलतं करून म्हणाले, आणि आवाज. धार गेली की मशीन आधी कुरकुरतं, मग थरथरतं. मी विचारलं, निळी पडल्यावर वेग उतरवू द्यायचे का? त्यावर ते दोन तास बोलले. नगांची संख्या वाढवून दिल्यावर वेग उतरवणं कसं अवघड झालं, टूल जळलं की ते कोणाच्या नावावर लिहायचं यावरून कशी भांडणं व्हायची, शेजारच्या मशीनवरच्या माणसाचं बोट कोणत्या पाळीत गेलं, आणि त्यानंतर एक शब्दही न बोलता अख्ख्या रांगेने आठवडाभर काम कसं हळू केलं. ज्या संघर्षाबद्दल मी दोन वर्षं विचारत होतो, तो सगळा त्या निळ्या चिपेच्या मागे होता.

म्हणून तुम्हाला एकच सांगायचं झालं तर हे: आधी कामाबद्दल विचारा. पहिल्या दिवशी हातात काय दिलं? शिकवलं कोणी, आणि शिकवण्याबद्दल त्याला काय मिळायचं? हत्यार कोणाचं, मोडलं तर पैसे कोणाचे? तहान लागली तर मशीन सोडता यायचं का? लघवीला जायला कोणाची परवानगी लागायची? रात्रपाळी लागली की दिवसा झोप कशी घ्यायचात, घरात किती माणसं असायची? खाडा झाला तर काय व्हायचं, आणि मुकादमाशी पटत असेल तर काय व्हायचं? पगार हातात पडला की पहिल्यांदा कोणाचे फेडायचात? कोणाला काय टोपणनाव होतं? हे प्रश्न क्षुल्लक वाटतात. पण लघवीच्या परवानगीच्या उत्तरात त्या कारखान्यातली सत्ता जितकी स्पष्ट दिसते तितकी ती संचालक मंडळाच्या वार्षिक अहवालात दिसत नाही. शिवाय अशा प्रश्नांनी माणूस खुलतो, कारण इथे जाणकार तो असतो आणि तुम्ही शिकाऊ. तुम्ही खरोखरच शिकाऊ आहात, तसं वागायला लाजू नका. 'समजलं नाही, पुन्हा दाखवा' हे वाक्य मी आजही प्रत्येक मुलाखतीत वापरतो.

दोन बारीक गोष्टी. धंद्यातले शब्द जसेच्या तसे टिपा, शुद्ध करू नका, आणि त्यांची वेगळी यादी ठेवा. काम बंद पडलं की त्याचे शब्द सर्वांत आधी जातात. आणि शांतता झाली तर लगेच पुढचा प्रश्न टाकू नका. मनातल्या मनात दहा अंक मोजा. माझ्या संग्रहातल्या सर्वांत मोलाच्या गोष्टी अशा थांबण्यानंतर आलेल्या आहेत. एका बैठकीत सगळं होत नाही; दुसऱ्यांदा गेलं की माणूस म्हणतो, 'तुम्ही गेल्यावर आठवलं…', आणि खरी मुलाखत तिथून सुरू होते.

आता ज्यांची नावं कोणत्याच मस्टरवर नाहीत त्यांच्याबद्दल. एका कामगाराची मुलाखत चालू होती आणि त्यांची पत्नी दाराशी बसून ऐकत होती. त्यांनी सांगितलेलं एक साल तिने दुरुस्त केलं. मी विचारलं, तुम्हाला कसं आठवतं? तर म्हणाली, त्या वर्षी मी काजांची कामं सोडली, डोळे गेले म्हणून. काज म्हणजे शर्टाची काजं. अठरा वर्षं ती घरी बसून काजं-बटणं करत होती. कामाचा गठ्ठा यायचा नवऱ्याच्या नावावर, पैसे त्याच्या नावावर. तिने फळीवरच्या डब्यातून आपलं अंगुस्तान, सुई टोचू नये म्हणून बोटावर घालायची टोपी, काढून दाखवलं. त्याची एक बाजू सुईच्या टोकांनी इतकी झिजली होती की आरपार भोक पडलं होतं, आणि त्या भोकावर आतून कापडाची घडी लावून ती ते पुढेही वापरत राहिली होती. त्या कारखान्याची सगळी दप्तरं सापडली असती तरी ही बाई त्यात सापडली नसती. तेव्हापासून मी घरात जाताना एका माणसाची मुलाखत घ्यायला जात नाही. दाराशी कोण बसलंय ते बघतो. कंत्राटी माणसं, बदली कामगार, झाडलोट करणारे, हमाल, आणि संपात कामावर गेलेले, यांच्याकडे मुद्दाम जावं लागतं. ते आपण होऊन येत नाहीत. संपात कामावर गेलेल्यांकडे जाताना मलाही सुरुवातीला जड गेलं होतं. पण त्यांच्याशिवाय संपाचा इतिहास अर्धाच राहतो.

विचारणारा कोण, यावर उत्तर ठरतं, हेही कायम ध्यानात ठेवा. अमेरिकेत १९३६ ते १९३८ या काळात सरकारी लेखक-योजनेतून, एकेकाळी गुलामीत राहिलेल्या माणसांच्या २,३०० हून अधिक कहाण्या लिहून घेतल्या गेल्या. त्यात चार्ल्स्टन शहरातल्या सुझन हॅम्लिन नावाच्या वृद्ध स्त्रीची मुलाखत दोनदा झाली आहे. एकदा विचारणारी गोरी बाई होती, एकदा विचारणारा काळा माणूस होता. पहिल्या मुलाखतीत मालक भला होता असा सूर आहे. दुसऱ्या मुलाखतीत फटके आहेत, विकली गेलेली माणसं आहेत, ताटातूट झालेल्या आयांचा आक्रोश आहे. बाई तीच. तुमच्या चौघांत कोणी त्या कारखान्यातल्या अधिकाऱ्याचं नातेवाईक असेल, कोणी युनियनमधलं असेल, तर कोणी कोणाकडे जायचं हे आधी ठरवा, आणि मुलाखत कोणी घेतली ते प्रत्येक नोंदीत लिहा. तिथे दुसरं कोण हजर होतं तेही लिहा. मुलगा समोर असताना बाप दारूबद्दल बोलत नाही.

आठवणी चुकतात, मग त्यांवर विश्वास कसा ठेवायचा? हे मला प्रत्येक व्याख्यानानंतर विचारलं जातं. इटलीतल्या तेर्नी या पोलादाच्या गावाचं उदाहरण मी नेहमी देतो. १७ मार्च १९४९ रोजी, इटलीच्या नाटो प्रवेशाविरुद्धच्या निदर्शनात लुइजी त्रास्तुल्ली हा एकवीस वर्षांचा कामगार पोलिसांच्या हातून मारला गेला. कागदोपत्री तारीख पक्की आहे. पण मौखिक इतिहासाचे अभ्यासक अलेस्सान्द्रो पोर्तेल्ली यांनी पुढे तिथल्या कामगारांशी बोलायला सुरुवात केली तेव्हा अनेकांनी ठामपणे सांगितलं, की तो १९५३ साली पोलाद कारखान्यातल्या मोठ्या कामगार कपातीनंतर रस्त्यावर जी झुंज झाली, तीत गेला. पोर्तेल्ली यांनी ही चूक पुसून टाकली नाही. त्यांनी विचारलं, इतकी माणसं एकाच दिशेने का चुकतात? १९४९ मध्ये आपला सहकारी डोळ्यांदेखत मारला गेला आणि आपण तेव्हा काहीच करू शकलो नाही, ही बोच त्या मनांना सहन होत नव्हती. म्हणून मनाने तो मृत्यू उचलून, जिथे आपण लढलो त्या प्रसंगात नेऊन ठेवला. तारखेसाठी कागद बघायचा, आणि त्या मृत्यूचं त्यांना काय वाटलं ते कळायला आठवण ऐकायची. तुम्हीही असंच करा: सांगितलेलं साल जसंच्या तसं लिहा, शेजारी कागदावरचं साल लिहा, आणि फरक झाकू नका. माणसाला तोंडावर दुरुस्त तर अजिबात करू नका. तो पुढे बोलायचा थांबतो.

आठवण फक्त बोलण्यातच असते असंही नाही. जात्यावर दळताना बायकांनी गायलेल्या ओव्या हा आपल्या भाषेतला श्रमाचा केवढा मोठा दस्तऐवज आहे. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी सुरू केलेल्या प्रकल्पात एक लाखाहून जास्त ओव्या गोळा झाल्या, गाणारीचं नाव आणि गाव यांच्यासकट. ज्या बाईला कोणी कधी मत विचारलं नाही तिचं मत त्या दोन ओळींत आहे. मुलाखतीत विचारा: काम करताना काय म्हणायचात, काय गुणगुणायचात, कोणाची नक्कल करायचात?

यंत्रसामग्रीवर फार वेळ घालवू नका. बरा फोन आणि कॉलरला लावायचा स्वस्त माइक पुरतो. फोन फ्लाइट मोडवर टाका, पंखा बंद करा, मधोमध टेबल असेल तर त्यावर कापड घाला. फाइल शक्यतो डब्ल्यूएव्ही स्वरूपात, ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिटवर ठेवा. एका माइकचा एक तास साधारण अर्धा जीबी होतो. सुरुवातीला स्वतःच्या आवाजात तारीख, ठिकाण, दोघांची नावं बोला. त्याच रात्री तीन प्रती करा, दोन वेगळ्या प्रकारच्या साठवणीवर, त्यातली एक दुसऱ्या घरात. एक तासाचं रेकॉर्डिंग उतरवून काढायला पाच-सहा तास सहज जातात. तेवढं होत नसेल तर निदान दर पाच मिनिटांना काय बोलणं झालं याची एक ओळ लिहा. उतरवून न काढलेलं रेकॉर्डिंग कोणी उघडत नाही, आणि कोणी न उघडलेलं रेकॉर्डिंग हळूहळू हरवतं. कोणाकडे जुन्या कॅसेट असतील तर त्या आधी संगणकावर घ्या. फिती फार वाट बघत नाहीत.

कागदांबद्दल मात्र सविस्तर सांगतो. एका घरी रद्दीच्या गठ्ठ्यात एक शाळकरी वही होती. प्रत्येक पानावर तारखा, पुढे चार-चार उभ्या रेघा आणि त्यांवर पाचवी तिरकी. काही तारखांपुढे छोटी फुली. मुलाला वाटत होतं, असेल काहीतरी हिशेब. वडील नगावर काम करायचे. दिवसाला किती नग काढले ते कारकून लिहायचा, आणि त्याचा आकडा खोटा पडला तर भांडायला आपला आकडा हवा म्हणून हा माणूस रोज घरी येऊन, हात धुवायच्या आधी, रेघा मारायचा. कित्येक पानांच्या कोपऱ्यावर तेलकट अंगठा उमटला होता. फुली म्हणजे काय ते मुलाला ठाऊक नव्हतं. ते सांगितलं वडिलांच्या धाकट्या भावाने: त्या दिवशी कारकुनाने नग कमी लिहिले. अकरा महिन्यांत एकवीस फुल्या होत्या. शेवटच्या फुलीनंतर वही थांबते. का, ते काकांनाही माहीत नव्हतं. मी ही वही गेली कित्येक वर्षं शिकवतो आहे. पण काका नसते तर ती फुली फक्त एक खूण उरली असती. म्हणून वस्तू आणि तिचा अर्थ सांगणारा माणूस यांची भेट शक्य असेल तोवर घडवा. वस्तू हातात देऊन रेकॉर्डर चालू ठेवा.

अशा कागदांना लॅमिनेशन करू नका, सेलोटेप लावू नका. दोन्हींनी कागद कायमचा जातो, आणि मी स्वतः सुरुवातीला एक अख्खं पगारपुस्तक लॅमिनेट करून बसलो होतो, त्याची हळहळ अजून जात नाही. टाचण्या, क्लिपा, रबर काढा. गंजलेल्या टाचण्या ओढू नका, सपाट चमच्याच्या टोकाने उचला. आम्लरहित पाकिटं मिळाली तर उत्तम, नाहीतर निदान वर्तमानपत्रात गुंडाळणं टाळा. ओल आणि ऊन या दोन गोष्टींपासून दूर ठेवा. यापेक्षा जास्त दुरुस्ती घरी करू नये.

फोटोच्या मागे मऊ पेन्सिलीने नावं लिहा, बॉलपेनने नको. ग्रुप फोटो असेल तर त्याची झेरॉक्स काढून डोक्यांना आकडे द्या आणि ती तीन-चार माणसांकडे फिरवा. लुईस हाइन यांनी १९०८ पासून अमेरिकेतल्या बालमजुरांचे जे फोटो काढले ते आजही अंगावर येतात, पण त्यांना वजन आहे ते खालच्या नोंदींमुळे: मुलाचं नाव, वय, काम, किती वाजता भेटला. कारखान्यात ते लपूनछपून शिरत आणि मुलाची उंची आपल्या कोटाच्या बटणांवरून ताडत. नोंद नसती तर तो एक केविलवाणा चेहरा राहिला असता. मी एकदा एका संस्थेला दोनशे फोटो दिले आणि त्यांनी ते 'कामगार, गट छायाचित्र' अशा एकाच शीर्षकाखाली लावले. नावांची यादी सोबत होती, ती कुठे गेली ते आजवर सापडलेलं नाही. आता मी नावं फोटोच्या मागे, यादीत आणि फाइलच्या नावात अशी तिन्हीकडे ठेवतो.

संमतीचा भाग कंटाळवाणा वाटतो, पण तो टाळलात तर एक दिवस सगळा संग्रह बंद ठेवावा लागेल. तीन गोष्टी वेगवेगळ्या विचारा: रेकॉर्ड करू का, वर्गात किंवा प्रदर्शनात वापरू का, नाव लावू का. साध्या मराठीत एका पानावर लिहून सही घ्या, आणि सही येत नसेल तर रेकॉर्डिंगवर तोंडी होकार घ्या. 'दहा वर्षं कोणाला ऐकवू नका' असं कोणी म्हटलं तर ते पाळायचं. कारखान्यातून काय बाहेर नेलं जायचं, युनियनच्या पैशांचं काय झालं, कोणी कोणाला पकडून दिलं, हे लोक सांगतात, आणि त्यात तिसऱ्याच माणसाची नावं असतात. तो माणूस किंवा त्याची मुलं गल्लीत राहत असतात. ती नावं प्रसिद्ध प्रतीत येऊ देऊ नका. 'हे बंद करा जरा' म्हटलं की खरोखर बंद करा आणि मशीन त्यांना दिसेल असं बाजूला ठेवा.

संग्रह शेवटी कुठे जाणार हे आत्ताच ठरवा, कारण तुम्हीही वयस्क व्हाल. मूळ वस्तू शक्यतो घरच्यांकडेच राहू द्या, तुम्ही उत्तम प्रत घ्या. एखादं अभिलेखागार किंवा विद्यापीठ घेत असेल तर लेखी करार करा, आणि पूर्ण प्रत दुसरीकडे असल्याशिवाय काही देऊ नका. ॲमस्टरडॅमची सामाजिक इतिहासाची आंतरराष्ट्रीय संस्था १९३५ साली स्थापन झाली. सर्वांत मोलाची कागदपत्रं त्यांनी युद्धापूर्वीच इंग्लंडला हलवली होती. १९४० मध्ये जर्मनांनी संस्था ताब्यात घेऊन उरलेला संग्रह उचलून नेला. इतक्या मोठ्या संस्थेवरही ती वेळ आली.

आणि गोळा केलेलं परत न्या. माणसाला त्याच्या मुलाखतीची प्रत द्या, वाचता येत नसेल तर वाचून दाखवा. केप टाउनच्या डिस्ट्रिक्ट सिक्समधून वर्णभेदी सरकारने साठ हजारांवर लोकांना हुसकावून घरं जमीनदोस्त केली. १९९४ साली तिथे संग्रहालय उभं राहिलं तेव्हा त्याच्या जमिनीवर त्या वस्तीचा नकाशा पसरला होता, आणि येणारे जुने रहिवासी वाकून आपापल्या घराच्या जागी नावं लिहीत होते. तुमचं पहिलं प्रदर्शन असंच अपुरं असू द्या. भिंतीवर कारखान्याचा मोठा नकाशा हाताने काढून लावा, खाली पेन्सिली ठेवा. माझ्या अनुभवात अशा एका संध्याकाळी जेवढी माहिती मिळते तेवढी सहा महिन्यांच्या मुलाखतींत मिळत नाही, कारण लोक एकमेकांना दुरुस्त करतात: 'अरे, बॉयलर इकडे नव्हता, पलीकडे होता.'

आता शिकवण्याबद्दल, आणि इथे मी जरा आग्रही आहे. मुलांपुढे 'कष्टकऱ्यांचा गौरव' करू नका. गौरवाने माणूस फोटोसारखा भिंतीवर जातो आणि मुलं त्याच्याकडे बघणं सोडतात. त्याच्याऐवजी त्यांना एक कागद द्या. मी बहुतेक वेळा एक पगारपावती देतो, नाव झाकून, प्रत्येक जोडीला एक प्रत. पहिली दहा मिनिटं मी काही सांगत नाही. त्यांनी फक्त काय दिसतं ते लिहायचं. मग गणित: भरलेले दिवस किती, खाडे किती, ओव्हरटाइमचे तास किती, एका तासाचे किती पडले? मग कपाती. इथे कोणीतरी विचारतंच, 'दंड कसला?' मी म्हणतो, तुम्हाला काय वाटतं? उशीर, तुटलेलं टूल, उलट बोलणं, असे अंदाज येतात. मग त्याच माणसाच्या मुलाखतीतली दोन मिनिटं ऐकवतो, ज्यात तो सांगतो की आदल्या रात्री मुलगी आजारी होती आणि तो सोळा मिनिटं उशिरा पोचला. वर्गात एकदम आवाज होतो. मुलं पुन्हा पावतीवर जातात आणि तो आकडा शोधतात, तास-मिनिटांशी ताडून बघतात, आणि सोळा मिनिटांसाठी किती वेळेचे पैसे कापले ते स्वतः काढतात. शेवटी एकच लेखी काम: या पावतीत काय नाही ते लिहा. एका मुलीने लिहिलं होतं, 'या पावतीत मुलगी नाही.'

त्यानंतर माणूस वर्गात आणा. भाषण करायला नको, काम दाखवायला. वर लिहिलेले टर्नर माझ्याबरोबर एका वर्गात आले, सोबत चिपा भरलेली एक काचेची बाटली घेऊन. मुलांनी त्या रंगांनुसार लावल्या. कोणती वेगात कापलेली, कोणती हळू, हे ओळखायचा खेळ झाला आणि शेवटी निळ्या चिपेची गोष्ट त्यांनी स्वतः सांगितली. मुलांना आधी प्रश्न तयार करायला लावा आणि पाहुण्यांना 'तुम्ही खूप गरीब होता का?' असला प्रश्न कोणी विचारणार नाही याची काळजी घ्या.

वर्गाबाहेरही जा. न्यूयॉर्कच्या ट्रँगल शर्टवेस्ट कारखान्याला २५ मार्च १९११ रोजी आग लागली आणि १४६ कामगार गेले, बहुतेक तरुण स्थलांतरित मुली. बाहेर पडायचा एक दरवाजा कुलूपबंद होता. २००४ पासून दरवर्षी त्या दिवशी स्वयंसेवक शहरभर फिरतात आणि प्रत्येक मृत कामगार जिथे राहत होता त्या दारासमोर खडूने नाव आणि वय लिहितात. पावसाने पुसलं जातं, पुढल्या वर्षी पुन्हा लिहितात. त्यातल्या सहा जणांची ओळख शंभर वर्षं पटलेली नव्हती. ती नावं २०११ मध्ये एका संशोधकाने शोधून काढली. खडू, यादी आणि पत्ते, एवढ्यावर हे होतं. तुमच्या कारखान्यातही अपघात झाले असतील.

आणखी एक. फक्त बंद पडलेल्या कामांच्या मागे राहू नका. आज घरोघरी सामान पोचवणाऱ्या मुलाची हजेरी, कमाई, दंड, रेटिंग सगळं फोनमधल्या ॲपमध्ये असतं. खातं बंद झालं की त्याच्या हातात त्या कामाचा एक कागदही उरत नाही. रेघांची वही तरी गठ्ठ्यात सापडली होती. इंग्लंडमध्ये १९३७ साली 'मास ऑब्झर्व्हेशन' या रोजच्या जगण्याचा अभ्यास करणाऱ्या गटाने सामान्य माणसांना १२ मे या एका दिवसाची रोजनिशी लिहून पाठवायला सांगितली, त्या रोजनिश्या आज इतिहासकार वापरतात. तुमच्या शाळेतल्या मुलांनी घरातल्या एका काम करणाऱ्या माणसाचा एक दिवस, उठल्यापासून झोपेपर्यंत, वेळांसकट लिहून आणला आणि सोबत त्याच्या परवानगीने चार स्क्रीनशॉट जोडले, तर पन्नास वर्षांनी कोणीतरी तुमचे आभार मानेल.

सुरुवात म्हणाल तर या आठवड्यात चौघे बसून नावांची यादी करा आणि वयाने लावा. नेत्यांची नावं वर येतील, त्यांना थांबू द्या. त्यांच्याबद्दल लिहिलेलं सापडतं. सर्वांत वयस्कर आणि सर्वांत कमी बोलणारा कोण, त्याच्याकडे आधी जा. पहिल्या भेटीत रेकॉर्डर पिशवीतच राहू द्या. जुनं हत्यार, बिल्ला, डबा, काहीही घरात शिल्लक असेल तर ते बघायला मागा, हातात घ्या, आणि ते कसं धरायचं ते विचारा.